पाम बीचचा सगळ्यात जुना टॉवर

पत्ता : किल्ले गावठाण, सेक्टर १५ ए, सीबीडी बेलापूर. बांधकाम : सोळावं शतक. बिल्डर : वादात. नाव : वादात. जिंकल्याचं साल : तेही वादात. तळातून थेट घारापुरीला भुयारी रस्ता : बोलायलाच नको! येत्या रविवारी करावे गावातून निघा आणि तीन-चार किलोमीटरवरच्या या बुरुजापर्यंत एक चक्कर मारून या.

नवी मुंबईत ‘टॉवर’ हा शब्द उच्चारला की पुढचे प्रश्न ठरलेले. किती मजली? सी व्ह्यू आहे का? पझेशन कधी? ऑफिसातल्या एका मित्राला ‘बेलापूरचा टॉवर बघायला येतोस का’ असं विचारलं, तर तोही आधी म्हणाला, ‘रेट काय चाललाय?’ त्याचं काय चुकलं म्हणा. आपल्या पिढीनं २००२ मध्ये ‘टू टॉवर्स’ बघायला थिएटरबाहेर रांगा लावल्या. त्यातल्या मनोऱ्यांची नावं पाठ केली, कुठला मनोरा कुणाचा यावर कॅन्टीनमध्ये तावातावानं भांडलो. पण रोज ज्या सिग्नलला आपली कॅब थांबते, त्याला ‘किल्ला जंक्शन’ का म्हणतात, हे विचारायचं राहूनच गेलं. किल्ला आहे म्हणून म्हणतात! तोही चांगला तोफा-बिफा असलेला, पोर्तुगीजांनी, मराठ्यांनी आणि शेवटी इंग्रजांनी घेतलेला. त्याचे अवशेष आणि झाडांच्या मुळांनी वेढलेला बुरूज त्या सिग्नलपासून चालत जाण्याच्या अंतरावर आहेत.

सुरुवात मात्र करावे गावातूनच करा, असं माझं आग्रहाचं सांगणं आहे. स्टेशनवरून थेट रिक्षानं गेलात तर दहा मिनिटांत पोहोचाल, एक फोटो काढाल आणि ‘एवढंच?’ म्हणून परत याल. हा बुरूज इथे का आहे, ते खाडीच्या बाजूनं गेल्याशिवाय कळत नाही.

करावे म्हणजे पाम बीच रोडला खेटून असलेलं आगरी-कोळ्यांचं गाव. एका अंगाला एनआरआय कॉम्प्लेक्स आणि सीवूड्सच्या गगनचुंबी इमारती, दुसऱ्या अंगाला कांदळवन आणि त्यापलीकडे खाडी. गावठाणात शिरलं की गल्ल्या एकदम आखडतात, घरं एकमेकांच्या कानात बोलल्यासारखी जवळ येतात, आणि दोनशे मीटरवर सहा लेनचा रस्ता आहे हे खरंच वाटत नाही. याच गावाच्या शेजारी ‘टी. एस. चाणक्य’ आहे. टी. एस. म्हणजे ट्रेनिंग शिप. मर्चंट नेव्हीचे कॅडेट्स घडवणारी ही संस्था १९२७ मध्ये ‘डफरिन’ नावाच्या खऱ्याखुऱ्या जहाजावर सुरू झाली. १९७२ मध्ये त्या जागी ‘राजेंद्र’ जहाज आलं आणि १९९३ मध्ये सगळा कारभार जमिनीवर, इथे करावेला हलला. नाव तेवढं जहाजाचं राहिलं. नवी मुंबईचं हे एक वैशिष्ट्यच आहे. जहाज जमिनीवर आहे, आणि खाडीवर नजर ठेवायला बांधलेला किल्ला आता सिग्नलवर नजर ठेवून आहे.

सकाळी सहा-साडेसहाला निघालात तर पाम बीचवर वॉकवाले आणि सायकलवाले सोडून कुणी नसतं. उजव्या हाताला कांदळवन ठेवून बेलापूरकडे चालायला लागा. हिवाळ्यात नशीब असेल तर पाणथळीत फ्लेमिंगो दिसतील. पलीकडे ठाणे खाडीत त्यांच्यासाठी २०१५ मध्ये अभयारण्य झालं आणि २०२२ मध्ये ते रामसर यादीतही गेलं. चालता चालता एक गोष्ट लक्षात ठेवा. हा रस्ता कालचा आहे. त्याआधी करावेहून बेलापूरला जायची सोपी वाट पाण्यातून होती. भरती-ओहोटीचं गणित जमलं की होडी काढायची आणि खाडीच्या कडेकडेनं जायचं. त्या वाटेवर पनवेल खाडीचं तोंड लागतं. त्या तोंडाशी एक टेकाड आहे आणि त्या टेकाडावर आपला किल्ला.

आता पनवेल म्हटलं की आपल्याला ‘एक्स्प्रेस वे’ आणि ट्रॅफिक आठवतं. पण काही शतकं मागे जा. देशावरून बोरघाट उतरून आलेला माल पनवेलच्या बंदरात यायचा, तिथून होड्यांनी खाडीत आणि खाडीतून मुंबई, ठाणे, वसईकडे. ही सगळी ये-जा टेकाडाखालूनच व्हायची. ज्याच्या हातात टेकाड, त्याच्या हातात टोलनाका, एवढं सोपं गणित. आज खाडीपलीकडच्या उलव्याकडे विमानतळ आहे, २०२५ च्या ऑक्टोबरमध्ये त्याचं उद्घाटन झालं. म्हणजे जागेची निवड तेव्हाही चुकलेली नव्हती.

बिल्डर कोण?

इथून पुढे भांडणं सुरू होतात.

किल्ला साधारण १५६० ते १५७० च्या दरम्यान बांधला, यावर बहुतेकांचं एकमत दिसतं. पण कुणी बांधला? सगळीकडे वाचायला मिळणारी गोष्ट अशी : जंजिऱ्याच्या सिद्दींनी हा भाग पोर्तुगीजांकडून घेतला आणि किल्ला उभारला. पुढे १६८२ मध्ये पोर्तुगीजांनी तो परत मिळवला. दुसरा पक्ष म्हणतो, सिद्दी कशाला, किल्ला मुळातच पोर्तुगीजांचा.

मी इतिहासकार नाही. पण तारखा समोर मांडून बघायला इतिहासकार असावं लागत नाही. गुजरातच्या बहादूरशहानं वसई आणि आसपासचा मुलूख १५३४ मध्ये पोर्तुगीजांना दिला. त्यांची दक्षिणेकडची सीमा निजामशाहीला भिडत होती आणि ही शेजारीण काही गोड नव्हती. १५७०-७१ मध्ये निजामशाही फौजेनं पोर्तुगीजांच्या चौलला वेढाच घातला होता. म्हणजे ज्या दशकात हा किल्ला झाला म्हणतात, त्या दशकात इथे दोन मोठ्या सत्ता एकमेकींकडे डोळे वटारून बसल्या होत्या. सिद्दींचं म्हणाल, तर त्यांचं स्वतःच्या हिमतीवरचं राज्य पुढच्या शतकातलं. १५६० च्या सुमाराला ते निजामशाहीच्या चाकरीत. तेव्हा सिद्दींनी किल्ला बांधला असेल तर तो निजामशाहीसाठी, आणि पोर्तुगीजांनी बांधला असेल तर निजामशाहीच्या भीतीनं. दोन्हीकडून कारण एकच निघतं. मला स्वतःला पोर्तुगीज पारडं जड वाटतं. आरमारी लोक खाडीच्या तोंडावरची अशी जागा मोकळी सोडत नाहीत.

दुर्दैवानं बुरूज स्वतः काही बोलत नाही. काळा दगड, चुना, आणि त्यांना मिठी मारलेली मुळं. कोनशिला असती तर एवढी चर्चाच झाली नसती. (आपल्या नगरसेवकांना एका बाबतीत मानलं पाहिजे. साधा बस स्टॉप असला तरी उद्घाटनाचा दगड आधी बसतो. चारशे वर्षांनी इतिहासकारांची किती सोय होणार आहे!)

बेलपत्र आणि ससाणा

नावाचं भांडण तर आणखी रंगतदार. सिद्दी-पोर्तुगीजांच्या काळात या जागेला शहाबाज म्हणत. सीबीडीत आजही शहाबाज गाव आहे, त्याच्या पाटीकडे नीट बघा. फारसीत ‘शाहबाज’ म्हणजे राजेशाही ससाणा. उंचावर बसून खालच्या पाण्यावर नजर ठेवणाऱ्या जागेला याहून फिट नाव सुचणार नाही. अर्थात जागेला नाव ससाण्यावरून पडलं की शाहबाज नावाच्या कुणा माणसावरून, हा वेगळा प्रश्न.

मग ‘बेलापूर’ कुठून आलं? त्याची गोष्ट चिमाजी अप्पांची आहे. बाजीराव पेशव्यांचे धाकटे भाऊ. पोर्तुगीजांच्या हातून हा किल्ला घेण्याआधी त्यांनी जवळच्या अमृतेश्वराला नवस बोलला, म्हणतात : किल्ला मिळाला तर बेलाच्या पानांचा हार वाहीन. किल्ला मिळाला, हार वाहिला आणि बेलावरून बेलापूर झालं. साल सांगितलं जातं १७३३.

गोष्ट गोड आहे. ती मोडायला हात धजत नाहीत. पण दोन शंका मनात येतातच.

पहिली सालाची. १७३३ मध्ये मराठ्यांची कोकणात मोहीम होती हे खरं, पण ती जंजिऱ्याच्या सिद्दीवर, आणि त्यात पुढे होते बाजीराव. चिमाजी अप्पांची पोर्तुगीजांवरची मोठी मोहीम १७३७ ची. त्या वर्षी ठाण्याचा किल्ला आणि साष्टी मराठ्यांकडे आली आणि १७३९ च्या मे महिन्यात वसई पडली. आता गोष्टीतला शत्रू पोर्तुगीज, जिंकणारे चिमाजी अप्पा, आणि साल मात्र सिद्दीवरच्या स्वारीचं, हे काही केल्या जुळत नाही. एकतर शत्रू बदला नाहीतर साल. ठाण्याचा किल्ला घेताना खाडीच्या दुसऱ्या टोकाला शत्रूची चौकी कुणी तशीच सोडेल का? म्हणून मी साल बदलण्याच्या बाजूनं. माझं मत १७३७ ला.

दुसरी शंका नवसाची. वज्रेश्वरीला गेला असाल तर तिथे काय ऐकलंत ते आठवा. चिमाजी अप्पांनी देवीला नवस बोलला, वसई मिळाली तर देऊळ बांधीन; वसई मिळाली, देऊळ झालं. माणूस तोच, शत्रू तोच, सूत्रही तेच. एका मोहिमेतली गाजलेली गोष्ट शेजारच्या गावानं आपल्या मापाची करून घेतली असेल, असं मला वाटतं. त्यात फसवाफसवी नाही. गावं अशीच आपला इतिहास स्वतःच्या देवळापाशी आणून बसवतात. शिवाय बेलापूर काही एकच नाही. पार तिकडे, आताच्या अहिल्यानगर जिल्ह्यात श्रीरामपूरजवळही एक बेलापूर आहे. तिथे चिमाजी अप्पांनी हार वाहिल्याचं कुणी सांगत नाही. बेलाची झाडं महाराष्ट्रात कमी नाहीत.

तरी नावांचं हे भांडण हसण्यावारी नेऊ नका. या भागात नाव म्हणजे जमिनीवरची सही असते. सिडको १९७० मध्ये स्थापन झाली आणि नव्या शहरासाठी ठाणे, पनवेल, उरण तालुक्यांतल्या ९५ गावांच्या जमिनींवर शिक्का बसला. त्यात करावे आलं, बेलापूर आलं, शहाबाजही आलं. जानेवारी १९८४ मध्ये जासईला योग्य मोबदल्यासाठी आंदोलन झालं, गोळीबारात पाच जण गेले आणि त्या लढ्यातून पुढे साडेबारा टक्के विकसित भूखंडांची योजना आली. त्या लढ्याचे नेते दि. बा. पाटील. नव्या विमानतळाला त्यांचं नाव द्या म्हणून जून २०२१ मध्ये हजारो माणसं इथेच, बेलापूरच्या सिडको भवनाला घेराव घालायला आली होती. ज्यांच्या शेतांचे सेक्टर झाले, त्यांच्याकडे शेवटी नावं उरतात. आपण पत्त्यात ‘सेक्टर १५ ए’ लिहितो. त्यांच्या पत्त्यात अजून ‘किल्ले गावठाण’ असतं.

घारापुरीचा बोगदा

आता सगळ्यांच्या आवडीचा विषय. किल्ल्याखाली एक भुयार आहे आणि ते थेट घारापुरीला, म्हणजे एलिफंटाच्या लेण्यांशी निघतं, असं इथे पिढ्यान्‌पिढ्या सांगतात.

चला, मोबाइलवर नकाशा काढा. बेलापूर किल्ल्यापासून घारापुरी सरळ रेषेत साधारण दहा किलोमीटर. मध्ये खाडी, खाडीखाली गाळ आणि गाळाखाली खडक. मुंबई-अहमदाबाद बुलेट ट्रेनसाठी बीकेसी ते शिळफाटा असा २१ किलोमीटरचा बोगदा आखला आहे, त्यातला ७ किलोमीटरचा तुकडा ठाणे खाडीखालून जातो. देशातला अशा तऱ्हेचा तो पहिलाच रेल्वे बोगदा म्हणून त्याचं केवढं कौतुक! त्यासाठी अजस्र यंत्रं, पंप, हवा खेळवायची व्यवस्था आणि कोट्यवधी रुपये लागतात. सोळाव्या शतकात छिन्नी-हातोड्यानं त्याहून लांब बोगदा खोदला असेल, आणि तोही गुपचूप? मग आपल्या मेट्रोवाल्यांनी त्या लोकांचे पाय धरायला हवेत.

तरी अफवेला धूर असतो, मग आग कुठली? किल्ल्यांत भुयारं असतात, ती आखूड असतात. चोरदरवाजा, दारूगोळ्याचं कोठार, पाण्याचं टाकं. दौलताबादची ‘अंधारी’ तर प्रसिद्धच आहे. वाकडातिकडा काळोखा रस्ता, शत्रूला गोंधळवण्यासाठी. असं एखादं तोंड कुठेतरी दिसतं, आत माती भरलेली असते, आणि जिथे डोळ्याला वाट दिसत नाही तिथून गोष्टीला वाट फुटते. पण घारापुरीच का? मला याचं उत्तर पाण्यात सापडतं. पोर्तुगीजांच्या अमलात ही खाडी आणि ते बेट दोन्ही होती. बेटावरचा दगडी हत्ती पाहून ‘एलिफंटा’ हे नाव त्यांनीच ठेवलं (तो हत्ती आता भायखळ्याला, राणीच्या बागेत, भाऊ दाजी लाड संग्रहालयाबाहेर उभा आहे, मुलांना दाखवून आणा). इकडून तिकडे रात्री-अपरात्री होड्या जात असणार. सकाळी इथे दिसलेला माणूस संध्याकाळी तिकडे दिसला की लोक म्हणणार, भुयारानं गेला. होडी कुणाला दिसली नाही, भुयार सगळ्यांना दिसलं!

मजा म्हणजे फेब्रुवारी २०२२ मध्ये बेलापूरच्या नव्या जेट्टीवरून वॉटर टॅक्सी सुरू झाली, तेव्हा जाहीर झालेल्या मार्गांमध्ये बेलापूर-घारापुरीही होता. चारशे वर्षांची अफवा शेवटी तिकीट घेऊन प्रवास करायला निघाली, ती अशी पाण्यावरून.

भुयारापेक्षा मला एक साधी नोंद जास्त थक्क करते. किल्ला चालता होता तेव्हा इथे १८० माणसांची एक अशा चार कंपन्या आणि चार ते बारा पौंडी गोळ्यांच्या १४ तोफा होत्या, असं सांगितलं जातं. म्हणजे ७२० माणसं! टेकाडाच्या माथ्यावर उभं राहून हा आकडा मनात आणा. आपल्या ऑफिसचे तीन मजले रिकामे करून इथे आणून बसवल्यासारखं. त्यांचा स्वयंपाक, पाणी, झोपायची जागा, आजारपण, भांडणं. इतिहासाच्या पुस्तकात फक्त तोफा मोजलेल्या असतात, चुली कुणी मोजत नाही.

शेवट इंग्रजांनी केला. २३ जून १८१७ ला कॅप्टन चार्ल्स ग्रे यानं किल्ला ताब्यात घेतला. ही तारीख मात्र चोख जुळते. त्याच महिन्याच्या १३ तारखेला पुण्याचा तह झाला होता आणि दुसऱ्या बाजीरावाला उत्तर कोकण कंपनीच्या पदरात टाकावं लागलं होतं. मग मराठ्यांचे किल्ले पुन्हा लढायला उभे राहू नयेत म्हणून ते निकामी करायचं धोरण आलं. त्यात हा किल्लाही पाडला गेला, पण अर्धवट. त्या अर्धवटपणातून आपला बुरूज उरला.

पडणारा आणि पाडलेला

आणि आता खरं दुखणं. गेली दोनशे वर्षं बुरूज एकटा उभा होता. खाली रेल्वे आली, सीबीडी आलं, २०१४ मध्ये घुमटवाली पालिकेची टोलेजंग इमारत आली. एवढ्या मोठ्या नियोजनबद्ध शहरात साधारण सगळ्यात जुनी उभी भिंत ही, आणि तिच्याकडे कुणाचं लक्ष नव्हतं. मग सिडकोनं किल्ल्याच्या जतनाचं काम हाती घेतलं. गडप्रेमी खूश झाले. आणि त्याच सुमाराला बुरुजाचा भाग ढासळला. मग काय, वाचवायला गेले आणि पाडून आले, अशी टीका झाली. भर पावसाळ्यात ज्या भिंतीला काही झालं नाही, ती आत्ताच कशी पडली, असा प्रश्न विचारला गेला.

राग समजू शकतो. पण जुना बुरूज वाचवणं म्हणजे फ्लॅटचं रिनोव्हेशन नव्हे, हेही समजून घ्यायला हवं. मुळांचंच बघा. वड-पिंपळाची मुळं दगडांच्या फटीत शिरून भिंत फोडतात. पण शंभर वर्षांनी तीच मुळं त्या भिंतीला जाळीसारखी धरून ठेवतात. झाड ठेवलं तर ते भिंत खातं. झाड घाईनं उपटलं तर भिंत त्याच्याबरोबर खाली येते. झाड मारलं आणि मुळं आत कुजली तर पोकळी होते, त्यात पहिल्या पावसाचं पाणी भरतं. म्हणून आधी आधार द्यायचे, मुळं टप्प्याटप्प्यानं काढायची, आणि काढलेली प्रत्येक फट लगेच भरत जायचं. कंटाळवाणं, संथ काम. मार्च एंडच्या आत बिलं लावायची असतात तिथे हे काम नेहमी उशिराचं ठरतं.

दुसरा सापळा सिमेंटचा. सिमेंट कडक असतं आणि ओल कोंडून ठेवतं. जुनी भिंत उन्हापावसात थोडी हलते, ओल आत घेते आणि बाहेर सोडते. तिच्यावर सिमेंट थापलं की ओल आत अडकते आणि सिमेंट जसंच्या तसं राहून शेजारचा दगड भुगा होतो. म्हणून चुनाच हवा. चुना भिजत घालायचा, मुरवायचा. आपल्याकडच्या जुन्या कारागिरीत त्यात गूळ, हिरडा, उडीद आणि बेलफळाचा गर घालत. हो, बेलफळाचा! ‘बेलापूर’च्या नावाची गोष्ट खरी असो नसो, बेल वाहायचाच असेल तर देवापेक्षा या भिंतीला वाहा, असं म्हणावंसं वाटतं.

मग मोठा प्रश्न. पडलेला बुरूज पुन्हा बांधायचा का? काही जण म्हणतात, नवा बांधलात तर तो फिल्मसिटीतला सेट होईल. पडलेले दगड तसेच राखा, खरं काय ते दिसू दे. व्हेनिसला सॅन मार्कोच्या चौकातला उंच मनोरा १४ जुलै १९०२ ला असाच भसकन कोसळला. त्यांनी ठरवलं, जिथे होता तिथेच आणि जसा होता तसाच उभा करायचा. १९१२ मध्ये तो उभा राहिला, आज आपले हनिमूनवाले त्याच्याचसमोर फोटो काढतात आणि तो ‘नवा’ आहे हे कुणाला जाणवतही नाही. पण त्यांच्याकडे त्या मनोऱ्याची चित्रं होती, मापं होती, फोटो होते. पॅरिसचं नोत्र दाम एप्रिल २०१९ मध्ये जळालं तेव्हाही आधी केलेलं लेझर स्कॅनिंग उपयोगी पडलं, आणि डिसेंबर २०२४ मध्ये दारं पुन्हा उघडली. हातात मोजमाप असेल तर उभं करता येतं, नसेल तर जे उभं राहतं ते ठेकेदाराच्या कल्पनेतलं असतं.

मी पुन्हा बांधण्याच्या बाजूनं आहे, पण एका अटीवर. पडलेल्या प्रत्येक दगडावर नंबर पडला पाहिजे, नवा दगड कुठला आणि जुना कुठला हे जवळून ओळखता आलं पाहिजे, आणि चुन्याऐवजी सिमेंटची एक गोणीही टेकाडावर चढता कामा नये. बुरूज म्हणजे गार्डनमधलं शोपीस नाही. लाइटिंग, लॉन आणि ‘आय लव्ह बेलापूर’ची अक्षरं लावून झालं असं होऊ नये.

आणि इथे तुमचा संबंध येतो. या बुरुजाचे सगळ्यात जास्त फोटो कुणाकडे असतील? तुमच्याकडे! कॉलेजचं बंक, पावसाळ्यातला ग्रुप फोटो, प्री-वेडिंग, पहिल्या डिजिटल कॅमेऱ्याची ट्रायल. एकाच वस्तूचे वेगवेगळ्या कोनांतले पुरेसे फोटो मिळाले तर संगणकावर तिची त्रिमितीय प्रतिकृती तयार करता येते, दगडाला दगड लावून. बामियानच्या बुद्धमूर्ती २००१ मध्ये उडवल्या गेल्या, त्यांच्या प्रतिकृती जुन्या फोटोंवरूनच केल्या. तेव्हा घरातली जुनी हार्ड डिस्क काढा, सीडी काढा. मैत्रिणीच्या खांद्यामागे जो दगडी कोपरा दिसतोय, तो आज कदाचित जमिनीवर असेल. तारीख लिहून ते फोटो जपून ठेवा, आणि जतनाच्या कामात असलेल्या लोकांपर्यंत पोहोचवा. एक्सचा चेहरा क्रॉप करून पाठवला तरी चालेल, दगड तेवढा राहू द्या.

टेकाडावर पोहोचलात की आधी फोटो नको, पाठ बुरुजाकडे करून उभे राहा. एका बाजूला खाडीचं रुंद तोंड, त्यात एखादी कोळ्याची होडी. पलीकडे उलवे. मागे पारसिकचे डोंगर. पालिकेच्या घुमटासमोरचा झेंडा वाऱ्याची दिशा सांगतो, पूर्वी ते काम बुरुजावरचं निशाण करत असेल. भरती असेल तर पाणी कांदळवनाच्या आत शिरताना दिसतं, आणि आपण ज्या करावेहून चालत आलो, त्या बाजूच्या इमारती पाण्यातून वर आल्यासारख्या वाटतात.

कसं जाल?

हार्बर लाइननं सीवूड्सला उतरा, करावे गावातून पाम बीचला लागा आणि चालत किंवा सायकलनं किल्ला जंक्शनपर्यंत या. चालणं नको असेल तर सीबीडी बेलापूर स्टेशनवरून रिक्षावाल्याला ‘किल्ले गावठाण’ सांगा, ‘सेक्टर १५ ए’ म्हणालात तर तो चार प्रश्न विचारेल. शेजारी गोवर्धनी मातेचं देऊळ आहे, तिथे वाट विचारता येते. नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम. पावसाळ्यात हिरवळ सुंदर दिसते, पण दगड सैल असतात, तेव्हा भिंतीवर चढायचा मोह टाळा आणि पडलेल्या दगडांना हात लावू नका, त्यांची जागा बदलली की कोडं आणखी अवघड होतं. कामामुळे वाट बंद असेल तर हुज्जत न घालता खालून बघा. पाणी सोबत न्या. नाश्ता सेक्टर १५ मध्ये, तिथे इतकी हॉटेलं आहेत की कुठलं चांगलं यावर इथल्या लोकांचं बुरुजाइतकंच भांडण आहे.